नारळी भात कां विठरतो ?

श्रावणी पौर्णिमेस कोंकण किनाऱ्यावरील कोळी लोक समुद्रास नारळ अर्पण करितात, आणि घरोघर नारळी भात शिजतो. सामान सर्वांचें सारखेंच. तरी एकीचा भात मऊ व मोकळा होतो, तर दुसरीचीं शितें दांतांखालीं कचकचतात. अशा वेळीं पुष्कळजण तांदळास दोष देतात. वस्तुतः दोष बहुधा गूळ घालण्याच्या वेळेचा असतो.

तांदळाच्या दाण्यांत मुख्यतः पिष्ट असतें. पाणी सुमारें ७० अंश सेंटिग्रेडच्या पुढें तापलें म्हणजे पिष्टाचे कण तें शोषून फुगतात व दाणा मऊ होतो. परंतु गूळ अगर साखर स्वतःच पाणी धरून ठेविते. त्यामुळें पिष्टास पाणी कमी मिळतें, व फुगण्यास उष्णताही अधिक लागते. दाणा अर्धवट शिजला असतां गूळ पडला, कीं तो तसाच ताठर राहतो. यासच भात विठरणें म्हणतात. मागाहून कितीही वाफ दिली तरी तो फारसा सुधारत नाहीं.

म्हणून कृति अशी करावी. एक वाटी तांदूळ धुवून निथळत ठेवावे. दोन चमचे तुपांत चार लवंगा व तांदूळ परतून, दोन वाट्या आधणाचें पाणी घालून भात पूर्ण शिजवावा. शीत बोटांनीं चेपून पाहावें. आंत कणी लागतां कामा नये. मग भात परातींत मोकळा करून निववावा. एक वाटी खवलेला नारळ व एक वाटी चिरलेला गूळ त्यांत हलक्या हातानें मिसळून, झांकण ठेवून, गुळाचें पाणी आटेपर्यंत मंद आंचेवर वाफ आणावी. काजू व बेदाणे निराळे तुपांत तळून वेलदोड्याच्या पुडीसह शेवटीं घालावे. बेदाणे फुगतांच काढावे. नाहींतर करपून कडू होतात. हा काजू मूळचा ब्राझीलचा. सोळाव्या शतकांत पोर्तुगीजांनीं तो आपल्या किनाऱ्यावर आणला.

आणखी एक गोष्ट आईबापांनीं ध्यानांत धरावी. कांहीं सूक्ष्म जंतूंचे बीजाणु भात शिजल्यावरही जिवंत राहतात. भात कोमट स्थितींत तासन् तास राहिला, तर ते वाढून विष उत्पन्न करितात. त्यांतील एक विष पुन्हां उकळूनही नाहींसें होत नाहीं, व खाणारास वांत्या होतात. तेव्हां भात गरमच वाढावा, आणि उरलेला दोन तासांच्या आंत शीतकपाटांत ठेवावा.

विद्यार्थिनींनीं, व विद्यार्थ्यांनींही, मूठ मूठ तांदूळ दोन पातेल्यांत घ्यावे. एकांत गूळ आरंभींच घालावा, दुसऱ्यांत भात शिजल्यावर. दोन्हींचें एक एक शीत चाखून पाहिलें, म्हणजे वरील कारण पाठ करावें लागणार नाहीं.