तोतोरोच्या मागचं झाड

परवा नातीबरोबर ‘माय नेबर तोतोरो’ पाहत होतो. तिचं सारं लक्ष त्या गुबगुबीत वनदेवाकडे, माझं मागच्या प्रचंड झाडाकडे. कापराचं झाड ते. आपण आरतीला लावतो तो कापूर मुळात याचाच. “आजोबा, तुम्ही मागेच काय बघता?” ती वैतागली.

मागचं ते जग काझुओ ओगांचं. जन्म १९५२, उत्तर जपानातलं अकिता. कार्टूनपटात पात्रं हलतात, पार्श्वभूमी गप्प उभी असते; म्हणून तिच्याकडे कुणी बघत नाही. ओगांनी ती हातानं रंगवली, शाळकरी पोरं वापरतात तसल्या पोस्टर कलरनी. पावसानं भिजलेली वाट, बांधावरचं गवत... हिरव्याच्या छटा मोजायला बसलो नि नाद सोडला.

‘तोतोरो’ १९८८ चा. त्याआधी पाचच वर्षं, १९८३ मध्ये, याच ओगांनी ‘बेअरफुट गेन’चं कलादिग्दर्शन केलं होतं. हिरोशिमाच्या बॉम्बमधून सहाव्या वर्षी वाचलेल्या केइजी नाकाझावांच्या चित्रकथेवरचा तो चित्रपट. हे कळलं आणि मी चरकलोच. बेचिराख शहर रंगवणारा हात तोच! राख रंगवून झाल्यावरच गवत इतकं जिवंत उतरत असेल का? मला आपलं तसं वाटतं.

२००७ मध्ये टोकियोच्या समकालीन कला संग्रहालयात त्यांच्या चित्रांचं प्रदर्शन भरलं. पुढची पात्रं बाजूला, मागचं झाड भिंतीवर.

नातीला ‘गेन’ अजून दाखवलेला नाही. दाखवीन, थोडी मोठी झाली की. सध्या ती कापराचं झाड काढतेय. खोड जांभळं केलंय.