माळ्यावरचे जुने खेळयंत्र

परदेशी स्थायिक झालेल्या मुलांनी कधीकाळी सुटीत आणलेले, जाड पुस्तकाएवढे पांढरे यंत्र आपल्या घरच्या माळ्यावर पडून असेल, तर ते भंगारात देण्याची घाई करू नये. निन्टेन्डो या जपानी कंपनीचे ‘वी’ हे खेळयंत्र 2006 च्या अखेरीस बाजारात आले आणि जगभर त्याचे दहा कोटींहून अधिक नग विकले गेले. बोटांनी बटणे दाबण्याऐवजी हात हलवून खेळायचे, हे त्याचे वैशिष्ट्य. त्यामुळे अमेरिकेतील वृद्धनिवासांमध्ये ते लवकरच रुळले. ज्यांनी आयुष्यात कधी संगणकाला हात लावला नव्हता, अशी ऐंशीच्या घरातील माणसेही त्यावर बोलिंग खेळू लागली.

“त्याचे इंटरनेट कंपनीने बंद केले, आता त्याचा काय उपयोग?” असे घरातील तरुण मंडळी सांगतील. ते अर्धेच खरे आहे. इतरांशी जालावरून खेळण्याची सोय मे 2014 मध्ये आणि नवे खेळ विकत घेण्याचे दुकान जानेवारी 2019 मध्ये बंद झाले. तबकडीवरचा खेळ मात्र यंत्रात सरकवला की आजही सुरू होतो. नोंदणी नाही, सभासदत्व नाही, काही उतरवून घेणे नाही. याच कंपनीने 2012 मध्ये कॅनडात आणलेल्या ‘वी मिनी’ या धाकट्या भावंडात तर इंटरनेटची सोय मुळातच नव्हती. ज्येष्ठांच्या दृष्टीने मला हा गुणच वाटतो. जे यंत्र जालाला जोडलेले नाही ते ओटीपी मागत नाही, आणि चुकीचे बटण दाबले म्हणून बँकेतून पैसेही जात नाहीत.

अडचणी निराळ्याच आहेत आणि पहिली विजेची आहे. अमेरिकेत घेतलेल्या यंत्राचा अडॅप्टर 120 व्होल्टचा असतो. केवळ पिन बदलून तो आपल्या 230 व्होल्टच्या सॉकेटमध्ये लावला तर क्षणात जळतो. अडॅप्टरवरचा बारीक मजकूर भिंग घेऊन वाचावा. ‘120’ एवढेच लिहिले असेल, तर 230 व्होल्टवर चालणारा वीचाच अडॅप्टर मिळवावा किंवा मध्ये स्टेप-डाउन ट्रान्स्फॉर्मर घालावा. यंत्र पन्नास वॉटहून कमी वीज घेते, तेव्हा शंभर वॉटचा लहान ट्रान्स्फॉर्मर पुरेसा होतो.

दुसरी अडचण टीव्हीची. या यंत्राच्या वायरीला पिवळी, पांढरी आणि लाल अशी तीन टोके असतात आणि नव्या टीव्हीला तशी भोके बहुधा नसतात. एचडीएमआयमध्ये रूपांतर करणारी छोटी डबी इलेक्ट्रॉनिक वस्तूंच्या दुकानात मिळते. चित्र आजच्या मानाने थोडे धूसर दिसेल, पण खेळातील आकृत्या मोठ्या आणि ठळक असल्याने अडत नाही.

तिसरे बंधन प्रदेशाचे. अमेरिकेतील यंत्रावर अमेरिकेत विकलेलीच तबकडी चालते, युरोपातील किंवा ऑस्ट्रेलियातील चालत नाही. मुलगी मेलबर्नला आणि मुलगा न्यू जर्सीला असेल, तर एकाच्या यंत्रासाठी दुसरीकडून तबकडी मागवण्यात अर्थ नाही. सुदैवाने ‘वी स्पोर्ट्स’ ही टेनिस, बेसबॉल, बोलिंग, गोल्फ आणि बॉक्सिंग अशा पाच खेळांची तबकडी जपान व दक्षिण कोरिया वगळता बहुतेक ठिकाणी यंत्रासोबतच दिली जात असे. मूळ खोके शोधावे, ती त्यातच सापडण्याची शक्यता आहे.

नातवंडांसाठी कुणी पालक-नियंत्रण लावून ठेवले असेल, तर काही ठिकाणी चार आकडी पिन विचारला जातो. घाबरण्याचे कारण नाही. ‘वी स्पोर्ट्स’ सर्व वयांसाठी असल्याने ते बहुधा पिनशिवाय उघडते. अन्यथा ज्याने पिन लावला त्यालाच फोन करावा. वैतागून यंत्राची संपूर्ण स्मृती पुसण्याचा पर्याय मात्र निवडू नये. त्यात जपलेले गुण जातात आणि पूर्वी विकत घेतलेले खेळही जातात. काही तबकड्या सुरुवातीलाच यंत्राच्या प्रणालीचे अद्ययावतीकरण मागतात. ते तबकडीवरच असते, त्याला इंटरनेट लागत नाही. मात्र ते चालू असताना वीज जाता कामा नये. आपल्या गावी भारनियमन असेल, तर वेळ पाहूनच हे काम काढावे.

रिमोटमध्ये दोन पेन्सिल सेल बसतात. तो यंत्राला ओळख देत नसेल, तर रिमोटच्या सेलच्या झाकणाखाली एक लाल बटण असते आणि यंत्राच्या पुढच्या बाजूस मेमरी कार्डाच्या झाकणाआड तसेच दुसरे असते. दोन्ही पाठोपाठ दाबावीत. टीव्हीवर ठेवायची लांबट पट्टी केवळ अवरक्त प्रकाश सोडते. तिच्यासमोर उन्हाची तिरीप किंवा देवघरातील समई असेल, तर पडद्यावरचा बाण सैरभैर होतो.

आता प्रकृतीविषयी. पक्षाघातानंतर दुबळा झालेला हात या यंत्राने सुधारतो, असे आपल्याला कुणी छातीठोकपणे सांगेल. टोरांटोच्या डॉ. गुस्तावो सापोस्निक यांच्या पुढाकाराने चार देशांत 141 रुग्णांवर झालेला अभ्यास 2016 मध्ये ‘लॅन्सेट न्यूरॉलॉजी’त प्रसिद्ध झाला. नेहमीच्या व्यायामोपचारांच्या जोडीला निम्म्या रुग्णांना वीवर खेळवले, तर उरलेल्यांना पत्ते, लाकडी ठोकळ्यांचा मनोरा, चेंडू असे साधे खेळ दिले. दोन आठवड्यांत तासातासाची दहा सत्रे झाली. हात दोन्ही गटांचा सुधारला आणि दोहोंत फरक आढळला नाही. माझ्या मते या निष्कर्षाने निराश होण्याचे कारण नाही. यंत्र नसेल तर पत्त्यांचा डाव मांडा. यंत्र असेल आणि आजोबांना पत्त्यांचा कंटाळा आला असेल, तर वी लावा. मात्र फिजिओथेरपिस्टची फेरी बंद करून त्याजागी यंत्र आणणे सर्वथा चूक.

अतिरेकाची कथाही नोंदलेली आहे. ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये 2007 साली स्पेनमधील एका तरुण डॉक्टरांनी आपलाच अनुभव कळवला होता. कित्येक तास वीवर टेनिस खेळल्यावर दुसऱ्या दिवशी त्यांचा उजवा खांदा धरला, आणि स्नायूबंधाचा दाह झाल्याचे निदान झाले. अवघ्या 29 वर्षांच्या खांद्याची ही कथा, तर आपण सत्तरीत किती जपायला हवे!

म्हणून आरंभ बोलिंगने करावा. टेनिस व बॉक्सिंगमध्ये झटके फार बसतात. मागे टेकू आणि दोन्ही बाजूंना हात असलेल्या खुर्चीत बसून बोलिंग उत्तम खेळता येते. रिमोटखालचे बटण तर्जनीने दाबून धरायचे, हात सावकाश मागे नेऊन पुढे आणायचा आणि चेंडू सुटावा असे वाटेल तेव्हा बोट उचलायचे. बोटात ताकद कमी असेल, तर शुश्रूषा करणाऱ्याने आपला हात वरून धरावा. रिमोटची दोरी मनगटात अडकवल्याशिवाय खेळ सुरू करू नये, तो निसटून टीव्हीची काच फुटल्याची उदाहरणे आहेत. पहिल्या दिवशी दहा मिनिटे पुरेत. दुसऱ्या दिवशी खांदा दुखत नसेल, तर पुढचा विचार.

उभे राहून खेळायचे असेल, तर सतरंजी व पायपुसणे आधी उचलावे, पायांत मोजे नसावेत आणि हाताशी जड टेबल असावे. ‘वी फिट’ या खेळासोबत मिळणारा तोलाचा पाट, ज्यावर उभे राहून खेळतात, तो पूर्वी पडलेल्या किंवा चक्कर येणाऱ्या व्यक्तीने फिजिओथेरपिस्ट शेजारी असल्याशिवाय वापरू नये. तो जेमतेम दोन बोटे उंच दिसतो, पण उतरताना पाऊल चुकते ते तिथेच. पेसमेकर बसवलेल्यांनी आधी डॉक्टरांना विचारावे आणि रिमोट छातीपासून वीतभर तरी दूर ठेवावा. अपस्माराचा त्रास असेल, तर लुकलुकणाऱ्या पडद्याचा खेळ टाळावा. छातीत दुखले, धाप लागली वा हाताला मुंग्या आल्या, तर डाव अर्धवट सोडून बसावे व डॉक्टरांना कळवावे.

चार-आठ दिवस खेळणे होणार नसेल, तर रिमोटमधील सेल काढून ठेवावेत. माळ्यावरच्या रिमोटचे झाकण प्रथम उघडाल तेव्हा आत हिरवट-पांढरी भुकटी दिसली, तर ती जुन्या सेलांची गळती समजावी. तिला उघड्या हाताने स्पर्श न करता कोरड्या फडक्याने पुसावी. आतल्या पट्ट्या स्वच्छ असतील, तर नवे सेल घालून पहिला चेंडू सोडून पाहायला हरकत नाही.