बोरांच्या गावात बोरांचा भाव

भोगीच्या संध्याकाळी बोरीवली स्थानकाच्या पश्चिमेस उतरणाऱ्याला पाऊल टाकावयास जागा मिळत नाही. उसाची कांडी, हरभऱ्याचे घाटे, गाजरे, गव्हाच्या ओंब्या, काळी-तांबडी सुगडे, आणि ह्या सर्वांच्या मधोमध गोणपाटावर ओतलेली बोरांची रास. गेल्या वर्षीच्या भोगीस अशाच एका राशीपाशी आम्ही उभे होतो. आमच्यापुढे एक गृहिणी होत्या. त्यांच्या घरी नातवाचे पहिले बोरन्हाण होते, हे त्यांच्या पिशवीतून डोकावणाऱ्या काळ्या झबल्यावरून व हलव्याच्या दागिन्यांवरून कळत होते.

“मावशी, पाव किलोला एवढे? सणाची लूटच मांडलीय की!”

“ताई, मला तरी कुठं फुकट मिळत्यात? वाशीलाच तेजी हाय. घ्या, वर चार टाकते.”

ताईंनी मनाशी काही आकडेमोड केली, ओंजळभर बोरे घेतली, “शास्त्रापुरती झाली” म्हणाल्या आणि पलीकडच्या दुकानात चॉकलेटच्या गोळ्या घ्यावयास गेल्या.

शास्त्रापुरती! ज्या गावाचे नावच बोरीच्या झाडांवरून पडले अशी समजूत आहे, त्या गावात बोरन्हाणाला बोरे शास्त्रापुरती असावीत, ह्याचे आम्हांस वाईट वाटले. आणि खरोखरच लूट होते काय, होत असल्यास ती कोण करतो, हे पाहण्याची इच्छाही झाली.

बोर हे आपल्याकडे कधीच श्रीमंतांचे फळ नव्हते. शबरीने रामास दिले ते हेच, असे आपण मानतो. (वाल्मीकींच्या काव्यात शबरीने वनातील फळेमुळे जमवून ठेवल्याचे आहे, ती चाखून, गोड तेवढी दिल्याची कथा पुढच्या भक्तांची. परंतु लोकांच्या मनात जी शबरी आहे, तिच्या द्रोणात बोरेच आहेत.) हिमालयातील बदरीनाथाच्या नावात जी बदरी आहे, ती म्हणजे बोरच. महाशिवरात्रीला शंकरास वाहिले जाते तेही बोर. ज्याला कुंपण नाही, ज्याला पाणी घालावे लागत नाही, ज्याचा मालक कोणी विचारत नाही, असे हे फळ देवांनी आपलेसे केले, ते बहुधा भक्तापाशी दुसरे काही नसे म्हणूनच.

बोरीवलीसही हे फळ एके काळी विकत घ्यावे लागत नव्हते. १९५७ साली हा भाग बृहन्मुंबईत आला, त्याच्या आधीचे बोरीवली पाहिलेली मंडळी सांगतात की, थंडीच्या दिवसांत पोरांचे खिसे बोरांनी फाटत. आज झाडे उरली ती पूर्वेच्या राष्ट्रीय उद्यानात. तेथून काही तोडून आणण्यास १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचा प्रतिबंध आहे, आणि तो योग्यच आहे. पण त्याचा अर्थ असा झाला की, गावचे बोर गावास निषिद्ध झाले व जे मिळते ते सुमारे साडेतीनशे किलोमीटरांवरून, सोलापूर जिल्ह्यातून, येऊ लागले. भाव नावाची गोष्ट बोराला चिकटली ती येथे.

हा भाव ठरतो वाशीस. मुंबईचा घाऊक फळबाजार पूर्वी क्रॉफर्ड मार्केटात, म्हणजे आजच्या महात्मा जोतिबा फुले मंडईत, होता. १८६९ साली बांधलेल्या त्या वास्तूभोवतीच्या गल्ल्यांत पहाटे टोपल्या उतरत, आणि बोरीवलीच्या फळवाल्या त्या टोपल्या पश्चिम रेल्वेच्या मालडब्यातून घेऊन येत. १९९६ साली घाऊक फळबाजार नवी मुंबईत कृषी उत्पन्न बाजार समितीच्या आवारात गेला. शहराची कोंडी सुटली, शेतकऱ्याच्या ट्रकला उभे राहावयास जागा मिळाली, हे खरे. पण बोरीवलीच्या फळवालीची सरळ लोकल तुटली. आता चार-पाचजणी मिळून टेम्पो ठरवितात, मध्यरात्रीनंतर निघतात आणि उजाडता उजाडता परततात. टेम्पोचे भाडे भागीत येते, झोप मात्र ज्याची त्याची.

पौषातल्या पहाटे ह्या बाजारात जावे. एकीकडे विदर्भातली संत्री, दुसरीकडे महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी व डाळिंबांचे ढीग. आणि ह्या नटव्या मंडळींच्या मागे, कोपऱ्यात, बोरांच्या गोण्या. त्यांतही जाती आहेत: मोठे, लांबट उमराण, चेकनट, चवीला सरस असे चमेली, आणि इवलेसे आंबटगोड चण्यामण्या. अलीकडे हिरव्या सफरचंदासारखे दिसणारे, थायलंडकडून आलेले ‘ॲपल बोर’ही बसते, पण बोरन्हाणाला त्याचा उपयोग नाही. बाळाच्या डोक्यावर ओतायचे फळ हे, ते लागू नये! म्हणून संक्रांतीच्या आठवड्यात एरवी कोणी न पुसलेल्या बारीक बोरांस एकाएकी मान येतो, आणि मोठ्यांपेक्षा त्यांचीच ओढाताण अधिक होते.

भाव किलोवर नव्हे, गोणीवर किंवा दहा किलोंवर बोलला जातो. माल शेतकऱ्याचा, तो विकून देणारा आडत्या, घेणारा खरेदीदार. १९६३ च्या बाजार समिती कायद्याला उघड लिलाव अभिप्रेत आहे. जुन्या बाजारांतून रुमालाखाली बोटे दाबून सौदा करण्याची जी ‘हात्ता’ पद्धत होती, तीत शेजारी उभ्या असलेल्या मालधन्यासही आपल्या मालाचा भाव कळत नसे. तिच्या कथा अद्याप ऐकू येतात. आडत पूर्वी शेतकऱ्याच्या पट्टीतून कापली जाई. २०१६ च्या जुलैत शासनाने फळे व भाजीपाला बाजार आवाराबाहेर नियमनमुक्त केला आणि आडत खरेदीदाराने द्यावी असे ठरविले. न्याय्यच झाले, परंतु खरेदीदार ती स्वतःच्या खिशातून थोडीच देणार? ती पुढच्या भावात मिसळते, आणि शेवटी बोरीवलीच्या पदपथावर आपल्या पाव किलोत येऊन बसते.

आता त्या मावशींच्या ‘लुटी’चा हिशेब मांडू. आकडे सोयीसाठी धरलेले आहेत, रीत मात्र खरी आहे. समजा, दहा किलोंची गोणी ४०० रुपयांस पडली. आडत, हमाली आणि टेम्पोचा वाटा मिळून ६० रुपये. झाले ४६०. गोणी सोडल्यावर किडकी, फुटलेली, देठाशी काळी पडलेली अशी किलोभर बोरे बाजूला जातात. “वर चार टाका” म्हणण्याचा आपला हक्क अर्ध्या किलोस पुरतो. विकण्याजोगी राहिली साडेआठ किलो. म्हणजे ज्याला आपण ४० रुपये किलोचा घाऊक भाव म्हणतो, तो मावशींस ५४ रुपयांस पडला. ८० रुपयांनी सर्व बोरे खपली तर हाती २२० रुपये राहतात. आणि दोन किलो संक्रांतीनंतर उरून ३० रुपयांनी काढावी लागली, तर १२० रुपये. एका रात्रीच्या जागरणाचे व दिवसभर उन्हात बसण्याचे. मावशी गोण्या दोन-तीन आणतात म्हणून त्यांचे भागते. पण जितक्या गोण्या अधिक, तितकी उरण्याची धास्तीही अधिक. लूट शोधावयास आम्ही निघालो होतो खरे. ह्या गोणपाटावर ती आम्हांस सापडली नाही.

मग ती तेजी जाते कोणाच्या घरात? आपल्यास वाटते, शेतकऱ्याच्या. सोलापूरकडच्या अवर्षणप्रवण तालुक्यांत, जेथे दुसरे फळझाड तग धरीत नाही, तेथे बोर उभे राहते. रानबोरीच्या खुंटावर चांगल्या जातीचा डोळा भरायचा, दरवर्षी उन्हाळ्यात झाड छाटायचे, पावसाळा सरता सरता फुलोरा धरतो, आणि दिवाळीनंतर फळ सुरू होते. १९९० च्या सुमारास रोजगार हमीशी जोडलेली फळबाग योजना आली तेव्हा बोराची लागवड पुष्कळ वाढली. पण भुरी पडते, फळमाशी आत अळी सोडते, आणि तोडणी करायची ती काट्यांतून, हाताने, पुनःपुन्हा. कारण सगळी फळे एकाच दिवशी पिकत नाहीत. येथेच खरी मेख आहे. शहरास बोरे हवीत ती दोन दिवसांत. झाड ती देते अडीच-तीन महिने. संक्रांतीच्या आदल्या दोन-तीन रात्री ज्याचा माल वाशीस उतरला, त्याला चांगली पट्टी मिळते. ज्याची बोरे त्याच आठवड्यात पिकली नाहीत, त्याला पुढच्या आठवड्यात तोडणीची मजुरी व भाडे सुटले तरी पुष्कळ. सफरचंद शीतगृहात महिनोन्‌महिने थांबते. बोर तोडले की चार-पाच दिवसांत सुरकुतते. ते भावाची वाट पाहू शकत नाही.

म्हणजे फळवालीही लुटत नाही आणि शेतकरीही गबर होत नाही. महाग झाले आहेत ते दोन दिवस. आणि ते महाग केले आहेत आपण सर्वांनी मिळून, एकाच संध्याकाळी, एकाच राशीवर वाकून.

आता ह्यात धर्माची आज्ञा किती, हे पाहणे आले. सुगडांत घालावयास बोरे त्याच दिवशी हवीत, ह्यात शंका नाही. पण पाच सुगडांना लागतात ती किती! पाव किलोही नव्हेत. बोरे खरी लागतात ती बोरन्हाणाला, आणि बोरन्हाण संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत केव्हाही करावे, अशी आपली चालत आलेली रीत आहे. हळदीकुंकवाचीही तीच. संक्रांत सूर्याच्या गतीवर, रथसप्तमी माघ शुद्ध सप्तमीस, म्हणजे चंद्राच्या तिथीवर. त्यामुळे हे अंतर दरसाल बदलते. २०२३ साली रथसप्तमी २८ जानेवारीस आली, २०२४ साली १६ फेब्रुवारीस. कधी पंधरवडा, कधी महिनाभर. आपल्या पूर्वजांनी हा ऐसपैस अवधी बाजारभाव पाहून ठेवला असेल, असे आम्ही म्हणत नाही. त्यांच्या दारात बोरी होत्या. पण झाडाचा बहर जितका लांब, तितका लांब सण त्यांनी धरला होता. तो आपण सुटीच्या व सवडीच्या सोयीने आखूड केला.

आमच्या सहनिवासातील एका घरी गेल्या वर्षी असेच ठरले. पाहुण्यांच्या अडचणीमुळे बोरन्हाण पुढच्या पंधरवड्यावर गेले, आणि बोरे आणण्याचे काम आमच्याकडे आले. स्थानकाबाहेर तीच रास, त्याच मावशी; गर्दी तेवढी नव्हती. भाव विचारला, तर भोगीच्या दिवसाच्या निम्म्यावर आलेला. आम्ही दोन किलो मागितली. मावशींनी तराजू हातात घेतला आणि आमच्याकडे नीट पाहिले.

“दोन किलो? सणाला कुठं होता?”

आम्ही काय उत्तर द्यावे? त्यांनी बारीक बोरे निवडून काढली, तराजूची दांडी पुरती झुकू दिली आणि न मागता वर ओंजळभर टाकली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दीड वर्षाच्या एका काळ्या झबल्यावर चुरमुरे, उसाचे करवे, बत्तासे आणि ती सारी बोरे एकदम कोसळली. दहा-बारा पोरे जमिनीवर तुटून पडली. गोळ्या-चॉकलेटे होतीच, ती आधी संपली. बोरे मात्र इतकी होती की, खिसे भरूनही उरली, आणि जिच्यासाठी हे सारे चालले होते ती बाळी मध्येच बसून, एक बोर दोन्ही हातांत धरून, त्यास दात कोठून लावावा ह्याचा विचार करीत होती.