ब्रह्माचा मनोरा आणि संगणकावरील त्रुटी

काशीच्या मंदिरात तीन सुयांवर ६४ सुवर्णचकत्या पुरोहित अखंड हलवीत असल्याची आख्यायिका पाश्चात्त्य गणितग्रंथांत आढळते. मणिकर्णिका घाटापासून विश्वनाथ मंदिरापर्यंत असे स्थान कोठेही नाही. फ्रेंच गणितज्ञ एद्वार ल्युका यांनी १८८३ मध्ये हे कोडे प्रसिद्ध केले. एका वेळी एकच चकती हलवायची, लहान चकतीवर मोठी ठेवायची नाही. सेकंदाला एक चाल धरल्यास ६४ चकत्यांना सुमारे ५८,५०० कोटी वर्षे लागतील!

पायथॉनसारखे साधन संगणकावर बसवताना इंग्रजी संदेशांची रांग पाहून मराठी माध्यमातील विद्यार्थी अनेकदा धास्तावतात. वस्तुतः तळाची चकती हलवण्यापूर्वी वरच्या साऱ्या हलवाव्या लागतात, तसेच एखादे पॅकेज बसवण्यापूर्वी त्याला आवश्यक असलेली इतर पॅकेजेस बसवावी लागतात. म्हणून बांधणी अडल्यास पहिली त्रुटी आधी वाचावी. पुढच्या बहुधा तिच्यातूनच उद्भवतात. ‘कमांड नॉट फाउंड’ असा संदेश आल्यास साधन बसलेले असूनही त्याचे फोल्डर ‘पाथ’च्या यादीत नसण्याची शक्यता असते. ते जोडून टर्मिनल पुन्हा उघडावे.

शेवटी याच कोड्याची छोटी आज्ञावली चालवावी. तीन चकत्यांना ७ चाली उमटल्या, तर साधन चालू झाले. ‘रिकर्शन एरर’ आल्यास मात्र पुन्हा बसवण्याचा खटाटोप करू नये. थांबण्याची अट बहुधा आज्ञावलीत राहून गेलेली असते.