आवाजाविना अभिनय : योसेफ श्वाब-मालोस्त्रान्स्की

भारतीय नाट्यशास्त्राने अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार मानले आहेत, हे आपणांस ठाऊक आहे. मूकपटाचा जन्म झाला तेव्हा यांपैकी वाचिक अभिनय नटाच्या हातून निसटला. मग नटापाशी उरले काय? चेक चित्रपटाचे पहिले अभिनेते मानले जाणारे योसेफ श्वाब-मालोस्त्रान्स्की यांच्या कारकिर्दीच्या आधारे या प्रश्नाचा विचार करू.

श्वाब यांचा जन्म १८६० साली प्राग येथे झाला. हे शहर तेव्हा ऑस्ट्रियाच्या साम्राज्यात होते. ‘मालोस्त्रान्स्की’ हे उपनाव प्रागमधील माला स्त्राना या जुन्या वस्तीवरून आलेले आहे. श्वाब विनोदी पदे गाणारे कलावंत होते. अशी पदे ते स्वतः रचीत आणि प्रसिद्धही करीत. शब्दांवरील कोटी, गाण्याची लकब आणि प्रेक्षकांशी थेट संवाद हेच त्यांचे भांडवल होते.

१८९८ साली प्रागमध्ये वास्तुकला व अभियांत्रिकी यांचे प्रदर्शन भरले. यान क्रिझेनेत्स्की यांनी ल्युमिएर बंधूंच्या यंत्राने चित्रित केलेले लघुपट तेथे दाखवण्यात आले. त्यांपैकी तीन लघुपटांत श्वाब यांनी अभिनय केला. प्रत्येकाची लांबी जेमतेम एका मिनिटाची. दोन लघुपट प्रदर्शनाच्या आवारात घडणारे विनोदी प्रसंग होते. त्यांची रचना रंगमंचावरील छोट्या प्रवेशासारखी होती. तिसरा, ‘हसू आणि रडू’, मात्र निराळा होता. त्यात कथा नाही, दुसरे पात्र नाही. कॅमेऱ्यासमोर केवळ श्वाब यांचा चेहरा आहे आणि तो हसण्याकडून रडण्याकडे वळतो.

या साध्या प्रयोगाचे महत्त्व कशात आहे? नाट्यगृहात शेवटच्या रांगेतील प्रेक्षकाला नटाच्या ओठांची थरथर दिसत नाही. तेथे आवाज ते काम करतो. कॅमेरा जवळ येताच चेहऱ्यावरील सूक्ष्म बदलही अर्थपूर्ण ठरतो. वाणीवर जगणाऱ्या कलावंताला येथे वाणी बाजूला ठेवून मुद्राभिनयावर विसंबावे लागले. चित्रपटाच्या अभिनयाची स्वतंत्र वाट येथूनच दिसू लागते.

पुढे पहिल्या महायुद्धापूर्वी आणि १९२०च्या दशकात श्वाब मूकपटांत दिसत राहिले, बहुधा दुय्यम भूमिकांत. चेक बोलपटाचा आरंभ १९३० साली झाला. १९३२ साली श्वाब यांचे निधन झाले. रंगमंचावरील प्रयोग त्या रात्रीबरोबर संपतो. श्वाब यांचे ते हसू आणि रडू मात्र प्रागच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जपले असून ते आजही पाहता येते.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न : कॅमेऱ्याच्या सान्निध्यामुळे आंगिक आणि सात्त्विक अभिनयाचे महत्त्व कसे वाढले, ते ‘हसू आणि रडू’ या लघुपटाच्या आधारे स्पष्ट करा.