ब्रेक दाबला आणि गाडी सुटली!

वीकएंडला पाटणमार्गे कोयनानगर गाठलं. धुकं, गरम भजी, फोटो, सगळं झालं. पण डोक्यात राहिली ती धरणाची पाठ.

१०३ मीटर उंच भिंत. खाली रुंद, वर मात्र एका ठिकाणी उतार एकदम बदलतो. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे भूकंप झाला. कोयनानगरची घरं कोसळली, माणसं गेली. धरणाला तडे पडले ते नेमके उतार बदलतो त्याच्या आसपास. आकार जिथे अचानक बदलतो, ताण तिथेच साठतो. दोष ड्रॉइंगमध्येच होता, हादऱ्याने तो दाखवला.

मला आठवलं चेर्नोबिल, २६ एप्रिल १९८६. तिथल्या अणुभट्टीत वाफ वाढली की शक्तीही वाढायची. ती थांबवायला कंट्रोल रॉड खाली सोडले, पण त्यांच्या खाली जोडलेलं होतं ग्राफाइट. भट्टीच्या तळाशी न्यूट्रॉन शोषणारं पाणी त्याने बाजूला सारलं आणि शक्ती आणखी भडकली. काही सेकंदांत स्फोट! आधी खापर फुटलं ऑपरेटरांवर. १९९२ च्या आंतरराष्ट्रीय अहवालाने मात्र डिझाइनवर बोट ठेवलं. आणि गंमत नाही हं, हा दोष १९८३ मध्येच लिथुआनियातल्या इग्नालिनाच्या भट्टीत दिसला होता!

कोयनेचं धरण फुटलं नाही. पुढे त्याच्या पाठीला काँक्रीटचे टेकू दिले गेले. चेर्नोबिलला दोष माहीत असूनही तो वेळेत दुरुस्त झाला नाही.

तेव्हा सोमवारी ऑफिसात कुणी ‘चलता है, बॉस’ म्हणालं, तर एकदा ड्रॉइंग पुन्हा उघडाच.