गाडी नंतर घ्या, आधी एक दिवस गिऱ्हाईक व्हा: महाबळेश्वरच्या खासगी टूरमधून धंदा कसा शिकायचा



साताऱ्यात असो की सांगलीत, प्रत्येक बॅचमध्ये एक प्रश्न हमखास येतो. "सर, टुरिस्टचा धंदा करायचाय. लोन काढून सात सीटर घेऊ का?" गाडी कुठली, डाऊन पेमेंट किती, बँक कुठली, सगळं ठरलेलं असतं. मग मी एवढंच विचारतो, "स्वतःच्या खिशातून पैसे देऊन, गाईड घेऊन महाबळेश्वर कधी पाहिलंय का?"

बहुतेकांचं उत्तर "नाही" असतं. आपण तिथे दहा वेळा गेलेलो असतो. पण मित्रांबरोबर, पाहुण्यांबरोबर, लग्नानंतर जोडीने. गिऱ्हाईक म्हणून कधीच नाही. आणि जो माल आपण कधी विकत घेतला नाही, तो विकायला आपण सात-आठ लाखांचं कर्ज काढायला निघतो.

व्हिडिओत वेळ कमी पडतो, म्हणून हा विषय इथे सविस्तर मांडतोय. वही-पेन घेऊन बसा.

आधी टूर विकत घ्या

एक दिवसाची खासगी टूर बुक करा. फक्त तुमच्या कुटुंबासाठी गाडी, आणि सोबत माहिती सांगणारा माणूस. हा खर्च सहलीचा धरू नका, शिकवणीची फी धरा.

दोन नियम पाळा. एक, एकटे जाऊ नका. घरातलं एक वयस्कर माणूस आणि एक लहान मूल सोबत घ्या. एकट्या माणसाला प्रतापगडाच्या पायऱ्या दिसत नाहीत, स्वच्छतागृह कुठे आहे याची चिंता नसते, घाटात उलटी होत नाही. आईला आणि पोराला घेऊन गेलात की धंद्यातल्या खऱ्या अडचणी तासाभरात समोर येतात.

दोन, शक्यतो शनिवारी जा. मंगळवारी महाबळेश्वर कुणीही दाखवेल. वेण्णा लेकच्या रस्त्यावर गाड्यांची रांग लागलेली असताना जो तुमचा दिवस वाचवतो, त्याच्याकडून शिकायचं.

नोंद फोनपासूनच सुरू करा

बुकिंगआधी तिघांना फोन करा आणि तिघांनाही एकच वाक्य सांगा: "शनिवारी महाबळेश्वर बघायचंय, चार माणसं आहोत." पुढचं त्यांना बोलू द्या.

कुणी लगेच रेट सांगेल. कुणी व्हॉट्सॲपवर पॉइंटची यादी टाकेल. आणि एखादा विचारेल, "आजी-आजोबा आहेत का सोबत? किती चालू शकतात? आधी आला होतात का? मुक्काम कुठे?" त्याचं नाव वहीत अधोरेखित करा. विकण्याआधी विचारणारा माणूस पैसे कमी करायला लागण्याची शक्यता कमी असते, कारण गिऱ्हाईकाला तेव्हाच कळतं की आपला विचार कुणीतरी करतंय.

महाबळेश्वरच्या टॅक्सी स्टँडवर महाबळेश्वर दर्शन, पाचगणी दर्शन, प्रतापगड दर्शन अशा फेऱ्यांचे दर ठरलेले असतात. तो दरही लिहून घ्या. नुसत्या गाडीची किंमत बाजाराने आधीच ठरवून ठेवली आहे. त्या दराच्या वर गिऱ्हाईकाने तुम्हाला एक रुपया जास्त का द्यावा, याचं उत्तर शोधायला तुम्ही निघाला आहात.

दिवसभर क्रमाकडे लक्ष ठेवा

पॉइंट तेच असतात. चांगला गाईड आणि साधा ड्रायव्हर यांच्यातला पहिला फरक दिसतो तो क्रमात.

नकाशा डोळ्यासमोर आणा. क्षेत्र महाबळेश्वर आणि ऑर्थर सीट एकाच रस्त्यावर, गावाच्या उत्तरेला. केट्स पॉइंट पूर्वेला, पाचगणीच्या बाजूला, जिथून कृष्णेचं खोरं आणि धोम-बलकवडीचं पाणी दिसतं. मुंबई पॉइंट पश्चिमेला, सूर्यास्ताचा. प्रतापगड तर आंबेनळी घाट उतरून, वीसेक किलोमीटरवर. आता हे सगळं कुठल्याही क्रमाने जोडलं तर अर्धा दिवस गाडीत जातो. सकाळी लवकर ऑर्थर सीटकडे गेलात तर कठड्याशी उभं राहून सावित्रीचं खोरं निवांत बघता येतं. अकरानंतर गेलात तर पार्किंगच शोधत बसाल.

वहीत चार रकाने करा: वेळ, ठिकाण, थांबावं का लागलं, गाईड काय बोलला. संध्याकाळी बेरीज करा. दहा तासांपैकी किती वेळ बघण्यात गेला, किती गाडीत आणि किती रांगेत? ही बेरीज कुठल्याही कोर्समध्ये मिळणार नाही.

पाचवा रकाना गुपचूप करा: "आपल्याला कुठे नेलं?" गाडी एखाद्या दुकानासमोर न सांगता थांबली, तर थांबल्याची वेळ लिहा आणि त्या क्षणी तुमच्या मनात काय आलं तेही लिहा. कमिशनची पद्धत या धंद्यात सगळीकडे आहे. तुम्ही ती ठेवायची की नाही हे पुढे ठरवा, पण गिऱ्हाईकाला ते कळतं हे आधी स्वतः अनुभवा.

गोष्ट माणूस बघून सांगायची

दुसरा फरक बोलण्यात. "हा एलफिन्स्टन पॉइंट, फोटो काढा, दहा मिनिटं" एवढं सांगायला गाईड लागत नाही, पाटी पुरते. पाठ केलेली गोष्ट सगळ्यांना सारखीच ऐकवणारा गाईडही दुपारपर्यंत कंटाळा आणतो.

आता विचार करा, सांगलीतल्या भिशीचा बायकांचा ग्रुप क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात उभा आहे. कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री आणि गायत्री, पाच नद्यांचा उगम इथला मानतात. गोमुखातून पाणी पडतंय. सगळे गाईड एवढं सांगतात. तुम्ही पुढचं सांगा: "मावशी, यातली वेण्णा माहुलीला कृष्णेला भेटते, कोयना कऱ्हाडला भेटते. म्हणजे पाचातल्या तीन नद्या तुमच्या आयर्विन पुलाखालून एकत्रच जातात. पावसाळ्यात आपण पुलाचे फूट मोजतो ना, चाळीसला इशारा, पंचेचाळीसला धोका, ते पाणी या डोंगरावरून निघालेलं असतं."

२०१९ चा महापूर ज्यांनी घरात पाहिला, त्या बायका हे ऐकून क्षणभर गप्प होतील. घरी गेल्यावर पॉइंटची नावं विसरतील, पण हे दहा जणींना सांगतील. पुढचं बुकिंग तिथून येतं.

तासगावचे द्राक्ष बागायतदार आले तर त्यांना सूर्यास्तापेक्षा स्ट्रॉबेरीच्या वाफ्यात जास्त रस असतो. मल्चिंग कसं, ठिबक कसं, रोपं कुठून आणता, दर कोण ठरवतं? महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि आपल्या मालाला ठिकाणाचं नाव मिळालं की काय होतं हे सांगलीच्या बेदाणेवाल्याला समजावून सांगावं लागत नाही. हंगामात एखाद्या शेतकऱ्याशी आधी बोलून अर्धा तास ठरवून ठेवा, आणि त्याच्या वेळेचे पैसे त्याला द्या.

कॉलेजची पोरं असतील तर पाचगणीत सांगा की फ्रेडी मर्क्युरी इथल्या सेंट पीटर्स शाळेच्या बोर्डिंगमध्ये वाढला, आणि 'द हेक्टिक्स' हा त्याचा पहिला बँड इथेच जमला. शिक्षक असतील तर भिलारला थांबा. ४ मे २०१७ ला ते पुस्तकांचं गाव झालं आणि गावकऱ्यांनी आपल्या घरांत वाचकांसाठी जागा दिली. इतिहासाची आवड असलेल्यांना प्रतापगडावर १० नोव्हेंबर १६५९ चा दिवस सांगा, पण नाटकी आवाजात नको. गड कुठे, भेटीची जागा कुठे, जावळीचं जंगल किती दाट होतं आणि एवढं सैन्य या दरीत का अडकलं, हे बोटाने दाखवा. भूगोल दाखवलात की इतिहास आपोआप कळतो.

ठिकाण एकच, पण पाच प्रकारच्या गिऱ्हाईकांसाठी पाच वेगळे दिवस. तुमचा माल हा आहे.

आता गाडीचा हिशोब

खालचे आकडे उदाहरणाचे आहेत. तुमच्या बँकेचे आणि तुमच्या गाडीचे आकडे घालून पुन्हा मांडा.

समजा हप्ता महिना १४,००० रुपये. विमा, कर, परमिट, टायर, सर्व्हिसिंग मिळून सरासरी ६,००० रुपये. म्हणजे गाडी दारात उभी असली तरी महिना २०,००० रुपये, वर्षाला २,४०,००० रुपये. एका फेरीत डिझेल, टोल, पार्किंग आणि जेवण वजा जाता हातात २,००० रुपये राहतात असं धरू. तर नुसती गाडी फेडायला वर्षाला १२० फेऱ्या लागतात. एकशेविसावी फेरी संपेल तेव्हा तुमची स्वतःची मजुरी अजून शून्य आहे.

आता हंगाम मोजा. एप्रिल आणि मे, दिवाळीची सुट्टी, नाताळचा आठवडा, आणि थंडीतले शनिवार-रविवार. सगळे मिळून साधारण सव्वाशे दिवस भरतात. नव्या माणसाला पहिल्या वर्षी यातले सगळे मिळतील का? निम्मे मिळाले, म्हणजे ६० फेऱ्या झाल्या, तरी वर्षाअखेर १,२०,००० रुपये घरातून घालावे लागतील. हप्ता भरायला बायकोचे दागिने गहाण ठेवायची वेळ इथेच येते.

दुसरी बाजू. परमिट असलेली गाडी ड्रायव्हरसकट भाड्याने घ्या, आणि तुमचं नियोजन नि माहिती यांचे वेगळे १,२०० रुपये लावा. ६० फेऱ्यांचे ७२,००० रुपये होतात. रक्कम लहान आहे, त्यावर घर चालणार नाही, म्हणून पहिलं वर्ष हातातली नोकरी किंवा दुकान सोडू नका. पण हप्ता नाही, आणि वर्षाच्या शेवटी तुमच्याकडे साठ कुटुंबांचे नंबर असतील. वर्षात शंभरच्या वर फेऱ्या सलग मिळायला लागल्या की गाडीचा विचार करा. तेव्हा बँकेला दाखवायला खरा हिशोबही असेल.

एक गोष्ट स्पष्ट सांगतो. मित्राची पांढऱ्या नंबरप्लेटची गाडी घेऊन भाडं घ्यायचं नाही. प्रवासी वाहतुकीला पिवळी नंबरप्लेट, परमिट आणि तसा विमा लागतो. घाटात काही झालं आणि विमा कंपनीने दावा नाकारला, तर धंद्यासकट घरही जातं. उद्यम नोंदणी ऑनलाइन आणि मोफत होते, ती करून घ्या.

पावसाळ्याचं काय?

महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलीमीटरच्या वर पाऊस पडतो, आणि तो बहुतेक सगळा जून ते सप्टेंबरमध्ये. पॉइंटवर उभं राहून समोर फक्त पांढरं धुकं दिसतं. ज्याच्याकडे फक्त 'महाबळेश्वर दर्शन' आहे तो चार महिने घरी बसतो.

तुम्ही मात्र ठिकाण बदलू शकता, कारण तुमच्याकडे दिवस आखायची कला आहे. साताऱ्याच्या माणसाला जुलै-ऑगस्टमध्ये ठोसेघर आहे. ऑगस्टच्या अखेरीपासून कास पठार. पश्चिम घाटाचा भाग म्हणून कास २०१२ मध्ये जागतिक वारसा यादीत आलं. तिथे पर्यटकांची संख्या मर्यादित ठेवतात, ऑनलाइन बुकिंग लागतं, आणि व्यवस्थापनात आसपासच्या गावांची समिती आहे. तिथला स्थानिक गाईड घ्याच. फुलांची नावं त्याच्याकडून शिका.

सांगलीकरांनी तर मिरजेला विसरू नये. तंतुवाद्यं बनवणाऱ्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची गल्ली, भोपळ्याचा तंबोरा कसा होतो ते, सांगलीचं गणपती मंदिर, हळदीचा बाजार. यासाठी घाट चढायला लागत नाही. सांगलीहून महाबळेश्वर पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास पडतं. तिथून एका दिवसात जाऊन-येऊन टूर विकू नका, लोक दमून शिव्या देतील. सांगलीकरांसाठी एक मुक्काम धरूनच आखा. एका दिवसाची टूर साताऱ्याहून जमते.

या पंधरवड्याचं काम

१. तीन फोन करा. कोणी काय विचारलं ते लिहा.

२. एक टूर पूर्ण पैसे देऊन घ्या. घासाघीस नको. संध्याकाळी गाईडला मोकळेपणाने सांगा की तुम्हालाही या धंद्यात यायचंय. त्याचं गिऱ्हाईक चोरायचं नाही. सांगली-साताऱ्याचं गिऱ्हाईक तुम्ही आणा, डोंगरावरची बाजू तो सांभाळेल. उद्याचा भागीदार तिथेच भेटू शकतो.

३. वहीवरून एक दिवसाचं वेळापत्रक कागदाच्या एका बाजूवर मांडा. कुणासाठी, ते वर लिहा: भिशी ग्रुप, शेतकरी, ज्येष्ठ नागरिक.

४. तो कागद ओळखीच्या पाच कुटुंबांना दाखवा आणि किंमत सांगा. "छान आहे" हे उत्तर मोजू नका. तारीख ठरवून ॲडव्हान्स दिला, तरच ते एक गिऱ्हाईक धरा.

पाचातल्या दोघांनी ॲडव्हान्स दिला तर धंदा सुरू झाला. कुणीच दिला नाही, तर एका टूरचा खर्च गेला आणि सात-आठ लाखांचं कर्ज वाचलं. मग कागद बदला आणि पुढच्या पाच जणांकडे जा. गाडीचं शोरूम कुठे पळून जात नाही.